मागे घेतलेला अर्ज : उत्सव, परवानगी आणि न्यायालय

देवाचा उत्सव आणि मानपानाचा तंटा ही दोन्ही आपल्या गावोगावी जोडीने वावरत आली आहेत. पालखी कोणत्या आळीतून न्यावी, पहिला नारळ कोणी वाढवावा, देवळासमोरचा मांडव कोणाच्या परवानगीने उभारावा, ह्या प्रश्नांवरून भाऊबंदकी पेटल्याची आणि प्रकरणे मामलेदार कचेरीपासून उच्च न्यायालयापर्यंत गेल्याची उदाहरणे ज्ञातीतील वडीलधाऱ्या मंडळींस ठाऊक आहेत. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपले पूर्वज सांगत आले. परंतु एकदा चढलेली पायरी उतरावी कशी, हे मात्र कोणी फारसे सांगितलेले नाही. अर्ज मागे घेणे म्हणजे नाक कापून घेणे, अशीच समजूत सर्वत्र आढळते. पुष्कळशी घराणी अपिलामागून अपील करीत राहतात, ती जिंकण्याच्या आशेने नव्हे, तर माघार घेतल्याचा बोल लागू नये म्हणून.

ह्या समजुतीचा विचार इतिहासाच्या आधारे व्हावा, एवढ्यासाठीच प्रस्तुत लेखाचा प्रपंच आहे. त्याकरिता आम्ही जे प्रकरण निवडले आहे, ते आपल्या ज्ञातीचे नाही, आपल्या प्रांताचे नाही, आणि आपल्या धर्माचेही नाही. हे आम्ही बुद्ध्याच केले आहे. जेथे आपला मान गुंतलेला असतो, तेथे दृष्टी स्वच्छ राहत नाही. दुसऱ्याच्या घरातील गोष्ट मात्र शांत चित्ताने पाहता येते. ते प्रकरण म्हणजे लखनौ येथील शिया पंथाचे धर्मगुरू मौलाना सय्यद कल्बे जवाद ह्यांनी मोहरमच्या मिरवणुकींसाठी सर्वोच्च न्यायालयात केलेला, आणि दि. २७ ऑगस्ट २०२० रोजी मागे घेतलेला अर्ज होय.

तथापि त्या दिवसाचे मर्म कळावयाचे, तर रस्त्यावरून मिरवणूक नेण्याचा हक्क मुळात कसा सिद्ध झाला, हे प्रथम पाहिले पाहिजे.

इंग्रजी अंमलात सार्वजनिक रस्ता सर्वांचा, हे तत्त्व मान्य होते. पण त्या रस्त्यावरून आपल्या धर्माची मिरवणूक वाद्यांसह नेण्याचा हक्क एखाद्या पंथास आहे काय, आणि तो कोणी अडविल्यास दिवाणी दावा लावता येतो काय, ह्याविषयी न्यायालयांत एकमत नव्हते. सन १८७७ मध्ये मुंबईच्या उच्च न्यायालयासमोर ताबुतांच्या मिरवणुकीचे एक प्रकरण आले. त्यात न्यायालयाने असे ठरविले की, रस्त्यावरील अडथळ्यामुळे फिर्यादीचे स्वतःचे असे काही विशेष नुकसान झाल्याचे सिद्ध झाल्यावाचून त्यास दावा चालविता येणार नाही. उलट मद्रासच्या उच्च न्यायालयाने सन १८८२ मध्ये निराळे मत दिले. कोणत्याही पंथाच्या लोकांस सार्वजनिक रस्त्याने धार्मिक मिरवणूक नेण्याचा हक्क आहे. मात्र इतरांच्या रहदारीस बाध येता कामा नये, आणि शांततेसाठी मॅजिस्ट्रेटने दिलेले कायदेशीर हुकूम पाळले पाहिजेत, असा त्या निर्णयाचा आशय होता.

हा मतभेद लंडन येथील प्रिव्ही कौन्सिलने सन १९२४ मध्ये मिटविला. तो खटला संयुक्त प्रांतातून, म्हणजे अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या हद्दीतून गेलेला होता, आणि विशेष लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही की, तोही मोहरमच्या मिरवणुकीचाच होता. शिया लोकांची मिरवणूक सुन्नी लोकांच्या मशिदीजवळ थांबून मातम करी, ह्यास सुन्नींची हरकत होती. प्रिव्ही कौन्सिलने शियांचे अपील मान्य केले, मद्रासचे मत ग्राह्य धरले आणि मुंबईचे अमान्य केले. आज आपण गणपतीची, देवीची अथवा संतांच्या पालखीची मिरवणूक वाजतगाजत नेतो, त्या हक्काच्या कायदेशीर पायामध्ये ह्या निर्णयाचा एक मोठा दगड आहे, हे फारच थोड्यांस माहीत असते.

पुढे २६ जानेवारी १९५० पासून राज्यघटना अंमलात आली आणि धर्माचरणाचे स्वातंत्र्य पंचविसाव्या अनुच्छेदाने मूलभूत हक्क ठरले. परंतु त्या अनुच्छेदाचा आरंभच मुळी मर्यादेने होतो. सार्वजनिक सुव्यवस्था, नीतिमत्ता आणि आरोग्य ह्यांस अधीन राहून, अशी ती शब्दयोजना आहे. त्यांपैकी सुव्यवस्थेचा विचार न्यायालयांपुढे वारंवार येत असे. आरोग्य हा शब्द मात्र कित्येक वर्षे जणू कोपऱ्यात बसून होता. सन २०२० साली तो एकाएकी पुढे आला.

आता लखनौकडे वळू. अवधच्या नबाबांचे हे शहर शिया संस्कृतीचे केंद्र. इमामबाड्यांतून निघणारी ताजियांची मिरवणूक, म्हणजे आपल्याकडील ताबुतांची, हा तेथील लोकजीवनाचा गाभा होय. आपल्या महाराष्ट्रातही खेडोपाडी ताबूत व पंजे बसत आणि त्यांच्या सवारीत हिंदू घराण्यांचा मान असे, हे जुन्या मंडळींस आठवत असेल. परंतु लखनौमध्ये विसाव्या शतकाच्या आरंभापासून शिया व सुन्नी ह्यांच्यात ह्या मिरवणुकींवरून तेढ वाढली. सन १९०८ मध्ये सरकारने चौकशीसाठी पिगट समिती नेमली. सन १९३९ मध्ये तर सरकारी निर्णयाच्या निषेधार्थ सुमारे अठरा हजार शियांनी स्वतःस अटक करवून घेतली. पुढे दंग्यांमुळे सन १९७७ पासून शहरातील मिरवणुकींवर बंदी आली, ती जवळजवळ दोन दशके टिकली. बंदी उठावी म्हणून जे आंदोलन झाले, त्याच्या अग्रभागी मौलाना कल्बे जवाद होते. सन १९९८ मध्ये मिरवणुकी पुन्हा सुरू झाल्या.

म्हणजे ज्या गृहस्थाने सन २०२० मध्ये अर्ज मागे घेतला, तो मिरवणुकीविषयी उदासीन नव्हता. ज्या मिरवणुकीसाठी त्याच्या पंथाने तुरुंग भरले, वीस वर्षे वाट पाहिली, तीच मिरवणूक येथे पणास लागलेली होती. ही गोष्ट ध्यानात ठेवून पुढील वृत्त वाचावे.

सन २०२० च्या मार्चमध्ये कोरोनाच्या साथीमुळे देशभर टाळेबंदी झाली. देवळे, मशिदी, गुरुद्वारे, चर्च बंद झाली. आपल्या महाराष्ट्रात त्या वर्षी आषाढी वारी पायी निघाली नाही. ज्ञानोबा-तुकोबांच्या पादुका ३० जून रोजी एस. टी. च्या गाडीने पंढरपुरास गेल्या आणि १ जुलैची एकादशी वारकऱ्यांवाचून पार पडली. शतकानुशतकांची वाट त्या वर्षी सुनी राहिली. पण पादुका पोहोचल्या, नेम चुकला नाही. त्याच वर्षी गणेशोत्सवात सार्वजनिक मूर्तीस चार फूट व घरगुती मूर्तीस दोन फूट उंचीची मर्यादा शासनाने घातली. मुंबईच्या लालबागच्या राजाच्या मंडळाने मूर्ती न बसविता आरोग्योत्सव केला.

न्यायालयाची कसोटी लागली ती प्रथम जगन्नाथपुरीच्या रथयात्रेवरून. त्या वेळी सरन्यायाधीशपदी नागपूरचे सुपुत्र न्यायमूर्ती शरद बोबडे होते. दि. १८ जून रोजी सर्वोच्च न्यायालयाने रथयात्रेस मनाई केली. त्यानंतर रथयात्रा व्हावी ह्यासाठी अर्ज आले. पण त्या वेळी मागणीचे स्वरूप बदललेले होते. भाविकांची गर्दी होऊ न देता केवळ सेवेकऱ्यांच्या हातून रथ ओढले जावेत, अशी ती मागणी होती. दि. २२ जून रोजी न्यायालयाने आपला आदेश बदलला. एका रथास पाचशेहून अधिक माणसे नसावीत, त्यांची आधी तपासणी व्हावी, दोन रथांमध्ये एका तासाचे अंतर असावे, शहरात संचारबंदी असावी, अशा अटी घालण्यात आल्या. दि. २३ रोजी तीनही रथ निघाले. चार दिवसांपूर्वी जे दार बंद झाले होते, ते मागणी आवरताच उघडले.

दुसरे प्रकरण जैन समाजाचे. पर्युषणपर्वात मंदिरे उघडावीत, ही मागणी मुंबई उच्च न्यायालयात मान्य झाली नाही. सर्वोच्च न्यायालयाने दि. २१ ऑगस्ट रोजी दादर, भायखळा व चेंबूर येथील तीन मंदिरांपुरती आणि शेवटच्या दोन दिवसांपुरती ती मान्य केली. आर्थिक हिताच्या गोष्टींस परवानगी मिळते आणि धर्माची गोष्ट निघाली की साथीचे कारण पुढे येते, अशा आशयाचे उद्गार सरन्यायाधीशांनी ह्या वेळी काढले. तथापि ही परवानगी इतर मंदिरांस अथवा गणेशोत्सवातील गर्दीस लागू समजू नये, असेही न्यायालयाने बजावले.

ह्या पार्श्वभूमीवर २७ ऑगस्टचा दिवस उगवला. मोहरमची दहावी तारीख, म्हणजे आशुरा, ३० ऑगस्टला होती. मौलानांच्या अर्जात देशभर मोहरमच्या मिरवणुकींस परवानगी मागितली होती. पुरीस रथ निघाले, मुंबईत जैन मंदिरे उघडली, मग आम्हांसच नकार का, हा त्यांचा प्रश्न होता. आणि तो प्रश्न अगदी स्वाभाविक होता, हे कोणीही कबूल करील.

न्यायालयाचे उत्तर असे होते. पुरीची यात्रा एका ठिकाणची, ठरलेल्या मार्गाची होती. मुंबईची मंदिरे तीन होती. तेथील धोका किती, हे अजमावता येत होते व त्याप्रमाणे अटी घालता येत होत्या. येथे मात्र साऱ्या देशासाठी सरसकट हुकूम मागितला आहे. त्याचा धोका मोजावयाचा कसा? असा हुकूम दिल्यास गोंधळ माजेल, आणि रोग पसरविल्याचा ठपका एका विशिष्ट समाजावर ठेवून त्यास लक्ष्य केले जाईल, अशी भीतीही सरन्यायाधीशांनी बोलून दाखविली. आमच्या मते हा शेवटचा मुद्दा सर्वांत महत्त्वाचा आहे. मिळालेली परवानगीसुद्धा कधीकधी परवानगी मागणाऱ्यावरच उलटते, हे भावनेच्या भरात ध्यानात येत नाही.

तेव्हा अर्जदाराच्या वकिलांनी मागणी आवरून ती निदान लखनौपुरती मान्य करावी, असे म्हटले. कारण शियांची मोठी वस्ती तेथे आहे. त्यावर न्यायालयाने, एका शहराचा प्रश्न असेल तर अलाहाबाद उच्च न्यायालयाकडे जावे, असे सुचविले. अर्जदाराने तेथे दाद मागण्याची मुभा राखून अर्ज मागे घेतला.

आता पुढे काय घडले? येथे आम्हांस वाचकांपुढे गोड चित्र उभे करावयाचे नाही. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २९ ऑगस्ट रोजी मोहरमसंबंधीचे अर्ज फेटाळले. लखनौच्या रस्त्यांवरून त्या वर्षी मिरवणूक निघाली नाही. परंतु आदल्याच दिवशी, म्हणजे २८ ऑगस्टला, मुंबई उच्च न्यायालयाने तेथील एका शिया संस्थेची मागणी मान्य केली होती. ती कशी? एक ताजिया, एक ट्रक, पाच माणसे, ठरलेला मार्ग आणि सायंकाळचा एक तास! एकाच धर्माचा, एकाच दिवसाचा विधी; सर्व देशासाठी मागितला तेव्हा मिळाला नाही, आणि पाच माणसांपुरता मागितला तेव्हा मिळाला. आपल्या पादुका जशा एस. टी. ने पंढरीस गेल्या, तसाच तो ताजिया ट्रकवरून दफनभूमीस गेला.

येथे कोणी विचारील की, लखनौकरांच्या पदरात माघार घेऊन काय पडले? आमचे उत्तर असे की, त्यांनी मिरवणूक एका वर्षापुरती गमावली, पण हक्क गमावला नाही. अर्ज चालवून तो गुणदोषांवर फेटाळला गेला असता, तर देशातील सर्वोच्च न्यायासनाचा प्रतिकूल निकाल कायमचा लेखी झाला असता आणि पुढे प्रत्येक जिल्ह्यात तो त्यांच्यापुढे ठेवला गेला असता. मागे घेतलेल्या अर्जाचा असा बोजा राहत नाही. साथ ओसरल्यावर सन २०२२ मध्ये लखनौस मिरवणुकी पूर्ववत् निघाल्या. त्याच वर्षी पुरीच्या रथांभोवती भाविकांचा समुद्र पुन्हा उसळला, आणि त्याच वर्षी आपली वारीही पायी चालू लागली.

ज्ञातिबांधवांनी कायद्याची एक बारीक गोष्ट मात्र येथे नीट समजून घ्यावी. आम्ही वकील नव्हे, आयुष्य शाळेत घालविलेली माणसे आहोत. तरी इतके सर्वांस कळण्याजोगे आहे. मागे घेणे दोन प्रकारचे असते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या तेविसाव्या आदेशाप्रमाणे, पुन्हा दावा लावण्याची परवानगी न घेता जो आपला दावा सोडून देतो, त्यास त्याच विषयावर नवा दावा लावता येत नाही. परवानगी घेऊन जो मागे घेतो, त्याची वाट खुली राहते. हेच तत्त्व उच्च न्यायालयातील रिट अर्जांनाही लागू पडते, असे सर्वोच्च न्यायालयाने सन १९८६ मध्ये एका प्रकरणात ठरविले. अपिलाचे तर त्याहून वेगळे. अपील मागे घेतले म्हणजे खालच्या न्यायालयाचा निकाल कायम होतो आणि मुदत टळल्यावर तो फिरविता येत नाही. यास्तव रागाच्या अथवा कंटाळ्याच्या भरात कागदावर सही करून मोकळे होणे, ह्यास आम्ही माघार म्हणत नाही. तो हलगर्जीपणा होय. मुभा राखून मागे येणे हेच खरे शहाणपण.

आणखी एक गोष्ट. समाजाच्या वतीने लावलेला दावा हा एकट्या अध्यक्षाचा नसतो. पुष्कळांच्या वतीने काहींनी लावलेला प्रातिनिधिक दावा असल्यास, संबंधित सर्वांस नोटीस मिळाल्यावाचून तो सोडून देता येत नाही, अशी तरतूद त्याच संहितेत आहे. ती न्यायाची आहे. उत्सव सर्वांचा असेल, तर त्यावरील हक्क सोडण्याचा अथवा राखण्याचा निर्णयही सर्वांपुढे व्हावा. चार माणसांनी रात्री बसून केलेली तडजोड दुसऱ्या दिवशी नव्या तंट्याचे मूळ ठरते.

मग प्रत्येक वेळी माघारच घ्यावी काय? मुळीच नाही. सन १९२४ च्या खटल्यातील शियांनी आपले अपील मध्येच सोडले असते, तर मिरवणुकीच्या हक्काचा तो निर्णय झाला नसता. आपल्याच महाराष्ट्रात महाडच्या चवदार तळ्याचा दावा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी दहा वर्षे नेटाने लढविला, आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला. तेथे माघार घेणे म्हणजे माणूसपणच सोडणे झाले असते. तेव्हा भेद करावयाचा तो हा : वाद हक्काचा आहे की वेळेचा? आम्हांस रस्त्यावर येण्याचा, पाणी भरण्याचा, देव पूजण्याचा अधिकारच नाही, असे कोणी म्हणत असेल, तर शेवटच्या पायरीपर्यंत लढावे. पण अधिकार सर्वांस मान्य असून केवळ ह्या वर्षी, ह्या रीतीने, एवढ्या गर्दीने तो बजावू नये, इतकेच म्हणणे असेल, तर तेथे वर्षभर थांबण्याने देव रागावत नाही आणि मानही जात नाही.

आपल्या ज्ञातीतही उत्सवाचे तंटे पुढे होतीलच. माणसे आहेत तोवर मानपान आहे. अशा वेळी वकिलाकडे जाण्यापूर्वी तीन प्रश्न आपण स्वतःस विचारावेत, अशी आमची नम्र सूचना आहे. आपण हक्क मागत आहोत की केवळ ह्या वर्षीची सोय? जेवढे मागत आहोत, तेवढ्याची खरोखर गरज आहे, की पाच माणसांत भागेल? आणि उद्या निकाल आपल्यासारखा लागला, तर त्यामुळे आपल्याच लेकराबाळांवर एखादा बोल तर येणार नाही ना? ह्या तीन प्रश्नांची प्रामाणिक उत्तरे ज्या सभेत दिली जातील, त्या सभेस अर्ज केव्हा करावा हे कळेल, आणि केव्हा मागे घ्यावा हेही कळेल. तुटेपर्यंत ताणू नये, हे आपण मुलांस शिकवितो. ते आपल्या ज्ञातिसंस्थांनीही आचरणात आणल्यास देवाचे उत्सव कचेरीच्या दारात न अडता देवाच्याच दारात साजरे होतील.